आम्ही खाण बंद पाडली

दगड पत्रा फोडून शाळेत आला तेव्हा पोरं बाहेर ओसरीवर खिचडी खात होती, म्हणून वाचली. शाळेतली खिचडी मीच शिजवायचे, तेव्हा वाढतही मीच होते. आधी खाणीतला सुरुंग उडाला. त्याचं काही नाही, तो दुपारी उडायचाच. पण त्याच्यामागोमाग वर्गातून असा आवाज आला की माझ्या हातातला डाव पातेल्यात पडला. आत जाऊन बघते तर पहिलीच्या सतरंजीवर दगड. केवढा, तर दोन हातांनी उचलावा लागेल एवढा. शाळेला बाई एकच. त्यांनी भिंतीला पाठ लावली आणि तशाच खाली बसल्या. त्यांच्या तोंडून शब्द फुटेना. माझ्या तोंडून फुटले, पण ते इथे लिहिण्यासारखे नाहीत.

आमची वस्ती सुप्याच्या पुढे, माळावर. घरं इतकी लांब लांब की एका घरातून मारलेली हाक दुसऱ्या घरात पोचेलच असं नाही. मी मूळची सणसरची. तिकडे कालव्याचं पाणी आणि डोक्याच्या वर जाणारा ऊस. लग्न होऊन इथे आले, हा उघडाबोडका माळ बघितला आणि बरेच दिवस वडिलांशी बोलले नाही. बाजरी, ज्वारी, शेरडं, आणि पाऊस पडला तर पडला. एवढ्यात मला आवडलेली गोष्ट एकच, ती शाळा. दोन खोल्या, ओसरी आणि दारात कडुलिंब. माझी लेक तिथे तिसरीत होती. ही शाळा नसती तर तिला पुढच्या गावी जावं लागलं असतं, आणि तो रस्ता खडीच्या डंपरांचा.

खाण शाळेमागच्या टेकडीत. टेकडी पोखरत पोखरत ती दर वर्षी शाळेकडे सरकत होती. दगड फोडणारी माणसं बाहेरून आलेली, खाणीच्या कडेला पत्र्याच्या खोपटांत राहायची. त्यांची पोरं आमच्या शाळेत यायची. त्यांतली एक माझ्या लेकीची जिवाची मैत्रीण. पातेल्याच्या तळाची करपलेली खिचडी तिला फार आवडायची, मी ती तिच्यासाठी खरवडून ठेवायचे. वस्तीतली पोरं शाळेत थोडीच उरली होती. बाकीची इंग्रजी शाळेच्या पिवळ्या गाडीत बसून टाय लावून जायची.

दगड आला त्याच संध्याकाळी देवळात बैठक बसली. आमच्याकडे बैठकीची रीत जुनी आहे, उंबऱ्यामागे एक माणूस. ज्या घराला उंबरा, त्या घरचा एक जण येणार, बोलणार, हात वर करणार. एकदा ठरलं की कुणी मागे फिरत नाही. विहिरीचं पाणी, जत्रेची वर्गणी, बांधाचं भांडण, सगळं असंच मिटतं. आमचे मालक, म्हणजे लेकीचे वडील, बारामतीला कामावर होते म्हणून आमच्या उंबऱ्याची मी गेले.

वस्तीतले सगळ्यात वडीलधारे गृहस्थ, त्यांना आम्ही सगळेच आबा म्हणतो. ते म्हणाले, "आज दगूड आलाय, उद्या मढं उचलाया लागंल. खाण बंद पाडायची. कुणाची ना हाय का?"

कुणाचीच नव्हती. एकजण एवढंच म्हणाला, "खाणीवरल्या मान्सांला इचारायचं का? पोरं त्येंचीबी हायती शाळंत."

"त्येंला कुठला आलाय उंबरा? आज हितं, उद्या तितं," आबा म्हणाले, आणि विषय संपला. मलाही त्यात काही खटकलं नाही. माझ्या डोळ्यापुढे सतरंजीवरचा दगड होता.

मग आम्ही जे केलं त्याचा मला तेव्हा भारी अभिमान वाटला. खाणीच्या रस्त्यावर ट्रॅक्टर-ट्रॉल्या आडव्या लावल्या. बायका पुढे बसलो. डंपरवाले शिव्या देऊन थकले, आमच्या शिव्या संपल्या नाहीत. शेवटी तालुक्याच्या कचेरीतले साहेब आले, टेप लावून अंतर मोजलं आणि म्हणाले की शाळेच्या इतक्या जवळ सुरुंग लावता येत नाही. खाण बंद. आबांनी पेढे वाटले. दुसऱ्या दिवशी मी खिचडीच्या जोडीला शिरा करायचा ठरवला.

शिरा केलाही. पातेलं भरून. आणि घंटा झाली तेव्हा ओसरीवर पोरं आली ती मूठभर. माझी लेक आणि तिच्यामागे वस्तीवरची दोघं-तिघं. आम्ही वाट बघितली. बाई फाटकापर्यंत जाऊन आल्या. मी पदराला हात पुसले आणि तडक खाणीवर गेले.

खोपटं नव्हती. पत्रे काढून नेलेले, नुसते वासे उभे. मुकादमाने पहाटेच सगळ्यांना ट्रकमध्ये घालून दुसऱ्या कुठल्याशा खाणीवर नेलं होतं. काम नाही तर राहून काय खाणार, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. आम्हा शहाण्यांना कळलं नव्हतं. बाभळीवर एक लहान झबलं वाळत राहिलं होतं. मी ते काढलं आणि हातात धरून तिथेच उभी राहिले.

शाळेत परतले तशी लेक म्हणाली, "आई, तिनं मला सांगितलंसुदिक न्हाय."

बाई हळू आवाजात म्हणाल्या, "वहिनी, पट गेला. एवढ्या पोरांवर शाळा ठेवत नाहीत."

मी आबांच्या अंगणात जाऊन ओरडले, म्हाताऱ्या माणसासमोर आवाज चढवू नये हे विसरून. "आबा, शाळंसाठी खाण बंद पाडली. आता शाळाच चालली."

"आसं कसं हुईल? शाळा सरकारची हाय," आबा म्हणाले, पण त्यांचा चेहरा उतरला होता. दुसऱ्या दिवसापासून काठी टेकत ते माझ्याबरोबर घरोघर फिरले. पिवळ्या गाडीतली पोरं परत शाळेत घाला, एवढंच मागणं. बैठकीत तावातावाने हात वर करणारे सगळे आता खाली बघत होते. तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं की ज्यांनी शाळेसाठी हात वर केले, त्यांतल्या बहुतेकांचं पोरच या शाळेत नव्हतं. मला इतका संताप आला की एकाच्या घरचा चहा मी तसाच ठेवून उठले.

उन्हाळ्याच्या सुट्टीनंतर शाळा उघडली नाही. बाईंची बदली झाली. पोरं पुढच्या गावच्या शाळेला जोडली, आणि मालक लेकीला मोटारसायकलवर सोडायला लागले. मला त्या कुलपाकडे बघवायचं नाही, म्हणून शेरडं घेऊन लांबच्या वाटेने जायचे.

दिवाळी झाली आणि एका सकाळी टेकडीकडून घरघर ऐकू आली. मला वाटलं, कुणाची बोअरची गाडी असेल. बघते तर खाणीवर यंत्र चालू. मी आबांकडे पळाले. ते तसेच धोतर सावरत कचेरीत गेले आणि दुपारी एसटीने परत आले. ओसरीवर टेकले, पाणी प्यायले, तसं मी विचारलं,

"काय म्हन्ले सायेब?"

"म्हन्ला, तितं आता शाळा कुठं हाय? शाळाच न्हाय, तर अंतर कशापासनं मोजायचं?"

भांडायला तरी समोर कुणी लागतं. इथे सगळं नियमात होतं, आणि तो नियम पुरा करायला शाळा आम्हीच मोकळी करून दिली होती.

चारेक दिवसांनी शेरडांसाठी पाल्याचा भारा घेऊन परत येत होते, आणि नको म्हणता म्हणता शाळेवरून आले. ओसरीवर खाणीवरची ती बाई उभी होती, माझ्या लेकीच्या मैत्रिणीची आई. शेजारी पोरगी. तेल लावून दोन वेण्या घातलेल्या, पाठीला दप्तर. मला बघून पोरगी हसली. तिचा पुढचा एक दात पडला होता.

"वैनी, आमाला परत आणलं हितं," बाई खुशीत म्हणाली. "म्या म्हन्लं, बरं झालं, पोरीची शाळा हाय तितं. पर कुलूप दिसतंय. बाई उशिरा येनार का आज?"

एवढी तोंडाळ मी, पण शाळा बंद झाली हे सांगायला सुरुवात कुठून करावी ते जुळवत राहिले. तेवढ्यात खालून मुकादमाने तिला हाक मारली.

"बसू द्या तिला हितंच," ती घाईने म्हणाली. "खाली सुरुंग हायती. शाळंवर पोरीला धोका न्हाय." आणि ती उतारावरून पळत गेलीसुद्धा.

पोरगी पायरीवर बसली. दप्तरातून पाटी काढून मांडीवर घेतली. आणि खाणीतला भोंगा वाजला, सुरुंगाच्या आधी वाजतो तो. मी पाल्याचा भारा टाकला, तिचं मनगट धरलं आणि घराच्या दिशेने धावत सुटले. ती माझ्याबरोबर धावत होती, पण तिची मान मागे शाळेकडे होती.

"काकू, थांबा की," ती म्हणत होती, "बाई आल्या तर माझी गैरहजेरी लागंल."