कोज्याचा कप

आमच्या भूमितीच्या गुरुजींइतका तीन कोपऱ्यांचा माणूस अख्ख्या वडवणीत दुसरा सापडायचा न्हाई. शाळा सुटून लई सालं झाली, पण डोक्यातला फळा अजून पुसलेला न्हाई. टॉवेलाची घडी घालतील तर तीन कोपऱ्यांची. भाकरी मोडली की तुकड्याचा कोन बघतील, मगच कोरड्यासात बुडवतील. एका लग्नात पंगत बसली अन् हे मांडवाची दोरी बघत उभे. "कोन चुकलाय, पडणार हा," म्हणत राहिले, तोवर बुंदी संपली. मांडव काही पडला न्हाई, त्याचं यांना अजून वाईट वाटतं. माझी बायको त्यांच्यासाठी मुद्दाम तीन कोपऱ्यांची घडीची पोळी लाटायची. हे ताटात फिरवून म्हणायचे, "वहिनी, ही बाजू जरा मोठी झाली." एकदा तिनं लाटणंच पुढं केलं, "घ्या, तुमीच लाटा." तवापास्नं गप खायला लागले.

मागल्या साली ती गेली. तिच्याच सांगण्यावरून राख वावरात पुरली अन् वर आंबा लावला. पण माझं वावर कोयत्यासारखं वाकडं. एका टोकाला विहीर, दुसऱ्या टोकाला आंबा, मधी शेजाऱ्याचा उभा ऊस. बांधानं पाइप न्यावा तर ट्रॅक्टरखाली चेंगरतो. कळशी वाहून माझे गुडघे गेले, अन् उन्हाळ्यात पानं करपायला लागली. वाटलं, ही दुसऱ्यांदा चालली. शेजाऱ्याच्या उसालाच पाणी पुरेना, त्याच्याकडं काय मागावं? तो म्हणाला, उसातून पाइप न्या, पण ऊस एकदाच तुडवायचा. मोजायला येगळा अन् टाकायला येगळा, असं चालणार न्हाई.

गुरुजींना सांगितलं. त्यांनी बांधाच्या दोन्ही बाजू दोरीनं मोजल्या, कोपऱ्यावर उभं राहून कोन घेतला अन् म्हणाले, "बाकीचं कोज्या सांगंल." आमच्यात रंग्या, म्हाद्या असतात, तसाच हा कुणी कोज्या असंल. मी चहाचा तिसरा कप भरून ठेवला. गुरुजींनी विचारलं, हा कुणाचा?

"कोज्याचा. कवा येतोय?"

गुरुजी असे हसले की चहा नाकातून आला. मग कळलं, कोज्या माणूस न्हाई, गणित हाय, इंग्रजीतलं कोसाइन. दोन बाजू अन् त्यांच्या मधला कोन ठाऊक असला की जिथून चालता येत न्हाई, ती तिसरी बाजू तो सांगतो. म्हणलं, कापलेला पाइप दुकानदार परत घेत न्हाई अन् कमी पडला तर ऊस दुसऱ्यांदा तुडवता येत न्हाई, जरा वाढीव धरा. गुरुजी रुसले. "कोज्याला वाढीव लागत न्हाई, तात्या."

पाइप आला. टोक धरून गुरुजी स्वतःच उसात शिरले. मी विहिरीवर. नुसते शेंडे हलताना दिसायचे. मग तेही थांबले. माझा जीव टांगलेला. तेवढ्यात पलीकडून आवाज आला, "सोडा पाणी."

मोटार चालू करून वळसा घालून गेलो. गुरुजींच्या अंगभर पाचट, गाल पात्यानं चिरलेला. पाइप आंब्याच्या बुडाशी पोचून वर हातभर उरलेला, आळ्यात गोल ठेवलेला. म्हणलं, "हे वाढीव कावून?"

"झाडापर्यंतचं कोज्यानं सांगितलं. आळ्यातलं मी धरलं, वहिनीसाठी."

आता आंब्याला तांबूस पालवी फुटलीय. मला झोप लागती. गुरुजी रोज दिवस कलला की आंब्यापाशी येतात अन् मी तीन कप भरतो, तिसरा आळ्याच्या कडंला ठेवतो. परवा शेजाऱ्यानं विचारलं, तुमी तर दोघंच, मग तिसरा कुणाचा? मी तोंड उघडायच्या आत गुरुजी म्हणाले, "कोज्याचा हाय. येईल सावकाश."

त्या कपावर साय धरेस्तवर आमी दोघं बसून राहतो.