शॉटच्या आधीची टाळी

आज एडिटिंगला बसलो आणि प्रत्येक शॉटच्या सुरुवातीला मीच दिसू लागलो. कॅमेरा चालू करायचा, धावत त्याच्यापुढे यायचं, नंतर चित्र आणि आवाज जुळवता यावेत म्हणून एक टाळी वाजवायची, की पुन्हा कॅमेऱ्यामागे पळायचं. लिहिणारा, चित्रण करणारा, आवाज घेणारा मी एकटाच. टाळी तरी दुसरं कोण वाजवणार?

शेजारच्या कुसुमकाकू चहा घेऊन आल्या. नववीत शाळा सोडून इंदुरात आलेल्या मला त्यांनी जेवू घातलं, या सिनेमात आईचं कामही केलं. त्यांचे उपकार कशाने फिटणार?

"अय्या, तू आहेस की यात!" त्या म्हणाल्या. "पण असा चोरासारखा काय पळतोस?"

"हे कापायचं असतं, काकू."

"मग तू दिसणार कधी?"

सकाळीच वडिलांचा फोन आला होता. 'हाही सिनेमा कुठे लागला नाही, तर मुकाट गावी ये,' म्हणाले. हाताखाली किती माणसं आहेत, तेही विचारलं. 'आहेत की,' म्हणालो. आधीचे दोन्ही सिनेमे कुठेच लागले नाहीत. हाही लागेल असं वाटत नाही. म्हणजे आजवर माझ्या सिनेमांना मिळालेल्या टाळ्या एवढ्याच, माझ्याच हातांच्या, आणि त्याही मीच कापून टाकलेल्या.

ही टाळीही कापली. पडद्यावर काकू एकट्याच तांदूळ निवडत राहिल्या. पुढचा शॉट उघडला, तर त्यातही मी घाबऱ्या चेहऱ्याने धावत येत होतो.