बाजेतला खड्डा

२०२३ साल. मी बहात्तर वर्षांचा, शिकलेला तिसरीपर्यंत. बायको जाऊन दोन वर्षं झाली होती. आंजी गावातल्या आमच्या घरी तिची बाज मी माझ्याच खोलीत ठेवली. अंबाडीची दोरी मी वळलेली, वीण दोघांची. ती निजायची तिथं मधोमध खड्डा पडला होता. सून एकदा म्हणाली, बाज कसून घेऊ. त्या दिवसापासून तिला खोलीत पाय ठेवू दिला नाही.

सुनेची भाची नालवाडीहून कॅमेरा घेऊन आली. शॉर्ट फिल्म करायची होती तिला.

"आजोबा, एकटा म्हातारा, एक खोली, एकच नाद. बोलायचं काहीच नाही."

"हे तर मी फुकटात करून राह्यलो," मी म्हणालो. "सांगशीन ते करीन. जबान दिली."

काय करायचं ते आधी विचारायला पाहिजे होतं. मी कधी विचारत नाही.

दुपारी कॅमेरा स्टँडवर चढवून झाला, तेव्हा पोरगी म्हणाली, "आजोबा, ही बाज उकला. पूर्ण. मधे थांबू नका."

दारातून सून म्हणाली, "मामाजी, राहू द्या. मी समजावतो तिले."

"तू काऊन मधात पडतं? जबान दिली म्हणजे दिली."

दार लोटून दोघी बाहेर गेल्या. पायथ्याची गाठ बायकोच्या हातची. ती डावखुरी, तिची गाठ उलटी पडायची. मी माझ्या सवयीनं ओढली, तर आणखीच आवळली. कॅमेऱ्याचा लाल दिवा पाहून राह्यला होता. नखं दुखायला लागली. विळा हाताशीच होता. पण त्यानं तिची दोरी कापायची? शेवटी डाव्या हातानं, दातानं सोडवली. सगळी वीण ढिली पडली. खड्डा कुठं होता, तेही ओळखू येईना. मग थांबलो नाही. दिवस कलेपर्यंत नुसती चौकट उरली, अन् मांडीवर दोरीचा ढीग.

पोरगी आत आली, कॅमेऱ्यात सगळं पाहिलं. "आजोबा, फिल्ममधे ती गाठ सोडवतानाचंच ठेवते फक्त. बाकी सगळं काढून टाकते."

"टाक," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी, चहाच्याही आधी, मी सुनेला खोलीत बोलावलं. एकट्यानं विणलेली बाज ढिली राहते. तिच्या हातात दोरीचं टोक दिलं आणि म्हणालो, "ताणून धरजो. ढिली सोडली, तर उकलून पुन्हा विणायले लावीन."