आबांचा जामीन

शिरूरच्या कोर्टात मी कारकून होतो, त्या काळात माणसापेक्षा त्याने आणलेल्या कागदावर माझा विश्वास जास्त असे. आमच्या घरातला मी पहिला पदवीधर. शाळेच्या हेडमास्तरांनी स्वतः अर्ज भरून मला पुण्याला कॉलेजात घातले, म्हणून ती खुर्ची मिळाली. तिथे आपल्या हातून चूक होऊ नये याची मला फार धास्ती असे, आणि चूक टाळायची तर प्रत्येकावर संशय घ्यावा, असे मी ठरवून टाकले होते.

त्या उन्हाळ्यात भीमाकाठच्या एका गावचा खटला आला. वाटणीच्या जमिनीसाठी पुतण्याने आंधळ्या विधवा चुलतीला विहिरीत ढकलले, असा आरोप होता. म्हातारी विहिरीच्या पायरीवर अडकून वाचली, पण खांदा मोडला. खुनाच्या प्रयत्नाचा गुन्हा, म्हणून जामिनाचा अर्ज पुण्याला सेशन्स कोर्टात गेला आणि मंजूर झाला. दोन जामीनदार द्यावेत आणि म्हातारीला धाक घालू नये, एवढ्याच अटी होत्या. आरोपीने सुटल्यावर राहायचे कुठे, याबद्दल हुकमात अक्षर नव्हते. जामीनदार तपासून घेण्याचे काम आमच्या कोर्टाकडे आले.

पहिल्या जामीनदाराचे कागद ठीक होते. दुसरे आबा, गावातले वजनदार शेतकरी. त्यांचा उतारा वाचताना दिसले की, त्यांचे शेत म्हातारीच्या शेताला लागून आहे. मी मान वर केली.

"आबा, म्हातारी सध्या कुठे असते?"

"आमच्याच घरी. दुसरं कोन हाय तिला?"

"आणि आरोपी सुटल्यावर कुठे राहणार?"

"त्योबी आमच्याच घरी, गोठ्यात."

माझी लेखणी थांबली. "दोघे एकाच घरात?"

"मग? जामीन ऱ्हायचं म्हंजी मानूस नजरंखाली ठिवायचा. पळाला तर तुम्ही मलाच धरनार न्हवं, भाऊसाहेब?"

आरोपीचे वकील हसले. "आबा, सरकारी तुरुंगापेक्षा तुमचा गोठा बरा दिसतो."

"तिथं भाकर तर ताजी मिळंल," आबा म्हणाले.

ते भोळेपणाने बोलत होते की शेजारच्या शेतावर डोळा ठेवून, हे मला कळेना. मी उठून सगळे मॅजिस्ट्रेट साहेबांच्या कानावर घातले. साहेब म्हणाले, "राहण्याची अट मला घालता येत नाही, तो हुकूम वरचा आहे. पण जामीनदार योग्य की अयोग्य, हे मीच पाहायचे आहे. उद्या म्हातारीला घेऊन या म्हणावं."

दुसऱ्या दिवशी आबांनी तिला बैलगाडीतून आणले. हात गळ्यात बांधलेला. आरोपी सुटतो आहे, हे तिला तोवर कुणीही सांगितले नव्हते. ते साहेबांनीच सांगितले.

"तुला कशाची भीती वाटते?" साहेबांनी विचारले.

"मानसं मला आवाजानं कळत्यात. त्यो बोलत न्हाई, सायेब. मुकाट येतो."

वकील लगेच उठले. "मग ढकलणारा तोच, हे कशावरून?"

"ल्हानपनी म्याच त्याला न्हाऊ घातलंय. हात वळखू येतो."

"हे खटल्यात विचारा," असे म्हणून साहेबांनी वकिलांना बसवले. मग आबांचा जामीन नाकारला. आबांचा चेहरा पडला. "माझ्यावर इस्वास न्हाई व्हय?" ते मला म्हणाले. मी त्यांचा उतारा त्यांच्या हातात परत दिला.

दुपारी नवा जामीनदार उभा राहिला. आरोपीचा मेहुणा, दौंडचा, पक्के घर असलेला. त्याचे कागद चोख होते. मी फिरवून फिरवून पाहिले, पण कुठे बोट ठेवायला जागा सापडली नाही. साहेबांनी सही केली.

म्हातारी व्हरांड्यात बसली होती. मी जवळ जाऊन सांगितले, "तो आता दौंडला राहील. गावात नाही."

"दौंड म्हंजी नदीपल्याड."

"हो. लांब आहे."

"औंदा नदीला पानी किती हाय, भाऊसाहेब?"

मी परवाच त्या बाजूने आलो होतो. पाणी जेमतेम घोट्याएवढे होते. खोटे बोलावे असे वाटले, पण जमले नाही. "उतार आहे," मी म्हणालो.

शिरूरला मिशनच्या आवारात निराधार बायकांसाठी दोन खोल्या होत्या. तिथे सोय होईल, असे साहेबांनी सकाळीच सुचवले होते आणि तिने मान हलवून नको म्हटले होते. आता ती म्हणाली, "मला त्या मिशनात न्ह्या."

आबा पुढे आले. "वैनी, आमच्यात काय कमी पडलं? गाव काय म्हनंल?"

"काय कमी न्हाई पडलं, आबा."

तिने गाडीच्या दिशेने हात केला. गवताखाली तिचे गाठोडे होते, लुगडी, तांब्या, वाकळ, सगळे नीट बांधलेले. आबाही त्याच्याकडे बघत राहिले. मी ते उचलले आणि तिला हाताला धरून रस्त्याला लागलो. आबांना ऐकू जाणार नाही इतके पुढे गेल्यावर मी विचारले, "हे कुणी बांधलं?"

"म्याच," ती म्हणाली. "मला कोर्टात बोलावलंय म्हंजी त्यो सुटनार, येवढं कळलं. येका हातानं येळ लागतो, म्हनून आबानं उद्या कोर्टात जायचंय म्हनल्याबरोबर कालच बसले बांधत."