सरकारी भिंतीला टेकू

आमच्या गावालगतच्या खाणीत सुरुंग उडाला की कोंबड्या थेट उकडलेली अंडी घालायच्या. त्या खाणीच्या परवान्यावर हरकत घेऊन मी घोडेगावला सुनावणीला गेलो आणि साहेबांच्या खोलीबाहेर पुकाऱ्याची वाट बघत बसलो.

बाकावर शेजारी एक अनोळखी म्हातारी, तीही हरकत घेऊनच आलेली. आतली घंटी वाजली की ती झटकन उठून मागच्या भिंतीला दोन्ही तळवे लावायची. सुरुंगाआधी शिट्टी होते, तेव्हा घरची भिंत अशीच धरायची तिला सवय.

"आजी, ही सरकारी भिंत हाय. पडायची न्हाई."

"म्हणून तर सायबाला आमचं खरं वाटत न्हाई, भाऊ. सुनावणी माझ्या घरात घ्या म्हणावं."

तिचा पुकारा झाला. गेली तशीच परत आली.

"काय म्हणाले?"

"झाली म्हणं सुनावणी. मी अजून तोंड उघडायची व्हते."

पुन्हा घंटी वाजली. आता माझी पाळी होती, आणि माझे दोन्ही तळवे भिंतीला होते.