फिअख्रा म्हणजे काय?

नावाचा अर्थ विचारायची सवय फक्त मराठी माणसांनाच असते का? मला हे खरंच जाणून घ्यायचंय. कारण माझ्या जिजूचे आजोबा एक नाव घेऊन नव्वदीपर्यंत जगले आणि अख्ख्या आयुष्यात त्यांना कुणी त्याचा अर्थ विचारला नाही. त्यांनीही कुणाला सांगितला नाही. आमच्याकडे बाळाची नाळ पडायच्या आत आईने विचारला.

पण आधी कोण कोण ते सांगते. मी डच लोकांच्या देशात, डेल्फ्टला मास्टर्स करतेय. माझी ताई रायस्वाइकला राहते, सायकलवर फार लांब नाही, त्यामुळे माझं अर्धं जेवण आणि धुवायचे सगळे कपडे तिच्याकडेच असतात. ताईचा नवरा आयरिश. तो इथेच नोकरीला होता, ताईही इथेच होती, मग झालं. मी त्याला जिजू म्हणते, आई त्याला जावईबापू म्हणते, आणि त्याला वाटायचं की जावईबापू हे त्याचं मराठीतलं टोपणनाव आहे. दोन वर्षांनी त्याला कळलं की ती पोस्ट आहे.

ताईच्या बाळंतपणासाठी आई महिनाभर आधीच कराडहून आली. बॅगेत अळीव, डिंक, बाळंतशेपा, मऊ जुन्या साड्यांची दुपटी, आणि काजळाची डबी. तिच्या डोक्यात सगळा प्लॅन तयार होता. बाळ होईल, मग बारा दिवस सगळे त्याला बाळ म्हणतील, बाराव्या दिवशी बारसं, तेव्हा आत्या कानात नाव सांगेल. नाव कुठलं, हे तोपर्यंत निवांत ठरवायचं. कराडच्या काकू व्हिडिओ कॉलवर असणार होत्याच, त्यांचीही मतं घ्यायची होती.

मुलगा झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी क्राम्झॉर्ग आली. ही इथली एक भन्नाट सोय आहे, बाळ झालं की आठवडाभर एक नर्स रोज घरी येते, बाळाला आंघोळ घालायला शिकवते, आईला जेवायला लावते आणि बाकी सगळ्यांना दटावते. आमच्या नर्सने आल्या आल्या जिजूला विचारलं, खेमेन्टेत जाऊन आलास का? खेमेन्टे म्हणजे नगरपालिका. इथे बाळाची नोंद तीन दिवसांत करावी लागते, आणि नोंद करायची म्हणजे नावासकट.

मी आईला भाषांतर करून सांगितलं तर तिला वाटलं मी चेष्टा करतेय. "तीन दिवसांत नाव? अगं बाळाने अजून डोळेसुद्धा नीट उघडले नाहीत."

तेव्हा ताईने जरा चाचरत सांगितलं की नाव तसं ठरलेलं आहे. फिअख्रा. जिजूच्या आजोबांचं नाव. ते गेल्या हिवाळ्यात गेले. त्याआधी जिजू त्यांना भेटून आला होता आणि म्हणाला होता की मुलगा झाला तर तुमचं नाव ठेवणार. आजोबा म्हणे खूप हसले होते. त्या पोराने तुझं काय वाकडं केलंय, असं विचारलं होतं. पण मग त्यांनी जिजूचा हात बराच वेळ सोडला नव्हता. हे जिजूने मला एकदा भांडी घासता घासता सांगितलं होतं, आणि सांगून झाल्यावर एकच पातेलं परत परत घासत बसला होता. त्यांच्या घरात हे नाव दुसऱ्या कुणालाच नाही. त्यांच्या गावात काय, आयर्लंडमध्येही फार ऐकू येत नाही म्हणे.

आई खूश झाली की! पणजोबांचं नाव ठेवणं हे तिला एकदम पटलं. दोनतीनदा म्हणूनही बघितलं, फिअख्रा, फिअख्रा, आणि इथल्या डच लोकांच्या 'ख'ची महिनाभरात सवय झाल्यामुळे तिला ते माझ्यापेक्षा छान जमलं. मग तिने विचारलं, "बरं, अर्थ काय?"

मी जिजूला विचारलं. त्याने विचार केला. खरंच केला, छताकडे वगैरे बघून. मग म्हणाला, "आजोबा."

नाही नाही, अर्थ, मी म्हटलं. शब्दाचा अर्थ. तो म्हणाला काहीतरी पक्ष्याबिक्ष्याचं असावं, शाळेत कधीतरी ऐकलं होतं.

पक्षी म्हटल्यावर आईच्या चेहऱ्यावर मोर, हंस, गरुड असं सगळं एकामागोमाग येऊन गेलं. आणि मी लगेच शोधायला बसले, कारण मला अशा गोष्टी शोधायला इतकं आवडतं की समोरच्याला उत्तर हवंय की नाही याचं मला भानच राहत नाही. एक तर सापडलं की हे नाव खूप जुनं आहे, ख्रिश्चन धर्म तिथे पोचायच्याही आधीचं असावं. मग या नावाचा एक साधू होऊन गेला, तो आयर्लंड सोडून फ्रान्सला गेला आणि तिथे भाज्या आणि औषधी झाडं लावत बसला, म्हणून माळी लोक त्याला मानतात. मी हे मोठ्याने वाचत होते आणि आई मान डोलावत होती. साधू, झाडं, औषधं, सगळं पास. मग पॅरिसमधल्या भाड्याच्या घोडागाड्यांनाही म्हणे त्याच्यावरून नाव पडलं, कारण त्या जिथे उभ्या असायच्या तिथे त्याचं चित्र टांगलेलं होतं.

"म्हणजे टांगा?" आई म्हणाली.

मी पुढे वाचलं. आणि थांबले. आई माझ्याकडे बघत होती, ताई बाळाला पाजता पाजता बघत होती, आता खोटं काय सांगणार?

"डोमकावळा," मी म्हटलं. "काही लोक म्हणतात कावळ्यांचा राजा. पण मूळ शब्द कावळाच."

आई रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं. ती उठली आणि दुपट्यांच्या घड्या घालायला लागली, घातलेल्याच घड्या मोडून पुन्हा. मग हळूच म्हणाली की उद्या सगळे विचारणार, अर्थ काय, आणि मी काय सांगू? आपल्यात कावळा कधी आठवतो? दहाव्याला. पिंड ठेवून सगळे हात जोडून त्याची वाट बघत बसतात. माझ्या बाबांच्या वेळी आम्ही बसलो होतो तसे. मला एकदम कळलं की हे लोक काय म्हणतील एवढ्यापुरतं नाहीये.

जिजूला मी किचनमध्ये जाऊन सगळं समजावलं. तो आईच्या चटणीसाठी लसूण सोलत होता. त्याने शांतपणे ऐकून घेतलं. मग बाल्कनीकडे बोट दाखवून म्हणाला, पण ती तर रोज त्यांना जेवायला घालते.

आणि ते खरं होतं! ताईच्या बाल्कनीच्या कठड्यावर राखाडी मानेचे छोटे कावळे येतात, डच लोक त्यांना काऊच म्हणतात, शपथ, आणि आई आल्यापासून रोज जेवायच्या आधी त्यांच्यासाठी भाताचा घास ठेवत होती. जिजूचा प्रश्न बरोबर होता. ज्याला रोज आधी वाढायचं, त्याचं नाव का नको? मी म्हटलं, आपण त्याला घास देतो कारण आपल्याला वाटतं की गेलेली माणसं त्या रूपात येतात. म्हणून तो कठड्यावर हवा, पाळण्यात नको.

तो म्हणाला, ठीक आहे, दुसरं ठेवू. मग सोललेला लसूण परत सोलायला लागला.

तिसरा दिवस उजाडला, शेवटचा. ताई रडून घेऊन झोपली होती. जिजू दुसऱ्या नावांबद्दल एकदम उत्साहाने बोलत होता, तो खोटा उत्साह बघवत नव्हता. क्राम्झॉर्गने शेजाऱ्यांसाठी पाव-टोस्टसारख्या गोल बिस्किटांवर लोणी लावून निळे-पांढरे बडीशेपेचे दाणे पेरून ठेवले होते. बाळ झालं की इथे हे वाटतात, आपल्या पेढ्यांसारखे. त्या दाण्यांना डचमध्ये छोटे उंदीर म्हणतात, हे मी आईला सांगितलं तर ती म्हणाली की धन्य आहात सगळे, एकाचा उंदीर, एकाचा कावळा.

तेवढ्यात जिजूच्या बहिणीचा व्हिडिओ कॉल आला. म्हणजे बाळाची आत्या. ती गावाकडच्या घरी होती आणि बाळ बघून झाल्यावर तिने फोन घेऊन आम्हाला घर दाखवायला सुरुवात केली, हे स्वयंपाकघर, हा जिना. जिन्याच्या भिंतीवर एक जुना फोटो होता. दगडी कुंपणाला टेकून उभी असलेली, कपाळाला आठ्या घातलेली एक मुलगी. लांब केस, गुडघ्याखाली फ्रॉक, पायात काही नाही.

आईने मला विचारलं, ही कोण? मी विचारलं. आत्या हसली. म्हणाली सगळे फसतात, हेच आजोबा.

आता आई फोनच्या अगदी जवळ आली. मुलाला फ्रॉक का घातलाय, असं तिने विचारायला लावलं. आत्या म्हणाली की त्या भागात तेव्हा अशीच पद्धत होती. तिकडच्या गोष्टींतल्या पऱ्या पंखबिंख असलेल्या गोड नसतात, त्या मुलं पळवून नेतात, आणि त्यातही मुलगे. म्हणून मुलगा जरा मोठा होईपर्यंत त्याला मुलीचे कपडे घालायचे, म्हणजे त्यांना कळत नाही. आजोबांच्या आधीचा एक भाऊ पाळण्यातच गेला होता, त्यामुळे त्यांच्या आईने जरा जास्तच काळजी घेतली.

मी हे भाषांतर करत होते आणि आईचा हात तिच्या स्वतःच्या नाकाकडे गेला.

मला माहीत होतं तिला काय आठवलं. आईचे बाबा, माझे आजोबा, त्यांच्या डाव्या नाकपुडीला एक भोक होतं. लहानपणी मी त्यांच्या मांडीवर बसून त्यात उदबत्तीची काडी घालायला बघायचे आणि मार खायचे. त्यांच्या आधीचे दोघे भाऊ जगले नव्हते. म्हणून त्यांचं नाक टोचलं, मुलींसारखं. आणि शाळेत छान देवाचं नाव असलं तरी घरात सगळे त्यांना दगड्याच म्हणायचे, अगदी म्हातारे होईपर्यंत.

"तिला सांग," आई म्हणाली, "माझ्या बाबांचं नाक टोचलं होतं."

मी सांगितलं. आत्याने विचारलं, का?

"तुझ्या आजोबांना फ्रॉक घातला ना, त्याचसाठी."

आत्याने फोटो भिंतीवरून काढला आणि कॅमेऱ्यासमोर धरला, नीट दिसावा म्हणून, आणि आई कितीतरी वेळ त्या आठ्या घातलेल्या पोराकडे बघत बसली. कॉल संपल्यावर ती स्वतःशीच बोलल्यासारखी म्हणाली, "दगड कोण उचलून नेतंय? आणि कावळा तरी कोण नेणार?"

माझी जीभ गप्प बसत नाही. मी म्हटलं, आई, तसं नसेल गं, जिजूला काल आठवलं की त्या साधूच्या नावावरून चर्चमधल्या पाद्रींनी सुचवलं होतं.

"पाद्र्याला काय सांगितलं आणि मनात काय होतं, ते त्या माऊलीलाच माहीत," आई म्हणाली. "दुसरं पोर पाळण्यात आहे, पहिलं गेलेलं आहे. ती काय अर्थ बघत बसणार आहे? लपवलंन तिने त्याला. नव्वद वर्षं लपवलं." मग आत वळून बघितलं. "जावईबापूंना म्हणावं निघा आता, ऑफिस बंद होईल. आणि तीट वेगळी लावायला नको, नावातच आहे."

मी धावत किचनमध्ये गेले. जिजूला सगळं एका दमात सांगितलं, फ्रॉक, नाक, दगड, तीट, त्यातलं त्याला किती कळलं देव जाणे. त्याने फक्त एकच विचारलं, नक्की? ती मनात वाईट वाटून घेऊन हो म्हणत नाहीये ना? मी म्हटलं, तिने तुला ऑफिस बंद होईल म्हटलंय, हे आमच्याकडे आशीर्वादाच्या वर असतं. तो पावसात रेनकोट न घालताच सायकलवरून गेला. परत आला तेव्हा चष्म्यातून काही दिसत नव्हतं आणि तो हसत होता, आणि थेट आईसमोर जाऊन वाकून नमस्कार केला. आई म्हणाली आधी डोकं पुसा.

बाराव्या दिवशी बारसं. आत्या आयर्लंडहून आली, तिला मी ताईची पैठणी नेसवली, आणि कानात कुर्रर्र कसं करायचं याची प्रॅक्टिस घेतली. फक्त नाव सांगताना बायका आत्याच्या पाठीत धपाटे घालतात हे सांगायचं राहून गेलं. ती बाळाच्या कानाशी वाकली, फिअख्रा म्हणाली, आणि मागून ताईच्या मराठी मैत्रिणी धरून आम्ही पाच जणींनी सुरुवात केली. ती दचकून ओरडली, बाळ दचकून रडलं, जिजू तिला वाचवायला धावला.

आणि मग फोनमधून कराडच्या काकूंचा आवाज आला. मी वाटच बघत होते.

"नाव वेगळंच आहे गं. अर्थ काय त्याचा?"

खोलीतल्या मराठी बायका सगळ्या आईकडे बघायला लागल्या. जिजूला मराठी फार येत नाही, पण 'अर्थ' हा शब्द त्याने त्या तीन दिवसांत इतक्या वेळा ऐकला होता की तोही आईकडे बघायला लागला.

"कावळा," आई म्हणाली. "पणजोबांचं नाव आहे."

काकू म्हणाल्या, "चला, बरं झालं. दृष्ट लागायची नाही पोराला."

आईने माझ्याकडे नुसतं बघितलं. मग काजळाची डबी उघडली, बोट बुडवलं आणि बाळाच्या गालावर हा एवढा मोठा ठिपका लावला.

मी म्हटलं, अगं, ती तर नावातच होती ना?

"असू दे," आई म्हणाली. "दोन असलेल्या बऱ्या."