बासष्ट खांबांचा रेडिओ

माकालोचा दिवस पहाटे साडेतीनला सुरू व्हायचा. अंगावर ब्लँकेट, पायात रबरी बूट, खिशात कालच्या मक्याच्या उकडीचा गार गोळा. तीन गाढवांवर खोगीर कसायला त्याला दिवा लागत नसे. मग दोन तासांचा उतार, रस्ता जिथे संपतो त्या दुकानापर्यंत. तिथे सरकारी डिझेलची पिंपं ठेवलेली असत. प्रत्येक गाढवावर वीस-वीस लिटरचे दोन डबे चढवायचे. दोन्ही डबे सारखेच भरलेले हवेत. बोटभर कमी-जास्त झालं की वरच्या वळणावर गाढव कलंडतं. मग पाच तास चढ. डोंगरमाथ्यावर देशाच्या रेडिओचा मनोरा होता आणि त्याखाली पत्र्याची एक खोली. खोलीतलं इंजिन डिझेल प्यायचं, तेव्हा कुठे मनोरा बोलायचा.

ही खेप एक दिवसाआड. मधल्या दिवशी वाट दुरुस्त करायची, आणि थंडीत मनोऱ्यावरचा बर्फ झोडपून पाडायचा. त्यासाठी लाकडीच मोगरी वापरायची, कारण लोखंडाने मनोऱ्याला चरे पडतात आणि पुढच्या पावसात तिथे गंज धरतो. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. पहिल्या वर्षी त्याने लोखंडी हातोडी वापरली आणि दुसऱ्या वर्षी तो गंज स्वतःच खरवडला.

त्या मनोऱ्यावरून सगळ्या पूर्वेकडच्या डोंगरांत आवाज जायचा. बातम्या जायच्या. बर्फ येतोय, मेंढ्या खाली उतरवा, हे मेंढपाळांना कळायचं. शाळांचे पाठ व्हायचे. परदेशातल्या खाणीत राबणाऱ्या नवऱ्यांना बायका निरोप पाठवायच्या. हरवलेल्या बैलाच्या कोणत्या कानाला किती खाचा, तेही सांगितलं जायचं. कोण वारलं आणि माती कोणत्या शनिवारी, हे ऐकताना तर चुलीपुढच्या बायकासुद्धा चमचा थांबवायच्या.

हे सगळं चहूकडे ऐकू जायचं. एका गावाला मात्र काही ऐकू यायचं नाही, आणि ते गाव माकालोचं होतं.

हा-सेखोबे हे त्याचं नाव. ते मनोऱ्याच्या अगदी पायथ्याशी, पण कड्याच्या पाठीमागे, खोल घळीत होतं. चाळीस घरांपैकी सहा घरांत रेडिओ होते. सहाही रेडिओ दिवसभर नुसते खरखरायचे. लोकांनी माकालोच्या गाढवांची नावं पाडली होती: बातम्या, हवामान आणि गाणी.

"आली बघ बातम्या!" तो वाटेवर दिसला की कुणीतरी ओरडायचंच. "हवामान लंगडतंय का रे आज?"

"हवामानाच्या खुरात खडा गेलाय," माकालो म्हणायचा आणि पुढे चालू लागायचा. त्यालाही हसू यायचं. पण गेल्या लोकर-कातरणीपासून त्याला ते हसू येईनासं झालं होतं.

झालं होतं असं. कातरणीची सरकारी शेड मेंढ्यांना घेऊन जायचं तर एका दिवसाच्या वाटेवर. कोणत्या गावाने कोणत्या दिवशी यायचं, ते रेडिओवर संध्याकाळी पाच वाजता सांगत. त्या वर्षी लोकर पारखणाऱ्यांची गाडी दुसरीकडे जायची होती, म्हणून हा-सेखोबेचा दिवस दोन दिवस अलीकडे आणला गेला. पाच वाजता माकालो उतारावर वाट दुरुस्त करत होता. दुसऱ्या दिवशी तो डिझेल आणायला गेला. मनोऱ्यावर पोचल्यावर इंजिन चालवणाऱ्याने त्याला सांगितलं, "अरे, तुमच्या गावाचं काहीतरी बोलत होते काल." माकालो धावत खाली आला. तोवर उशीर झाला होता. गाव मेंढ्या घेऊन पोचलं तेव्हा शेडला कुलूप होतं. सगळी लोकर वाटेवरच्या व्यापाऱ्याने स्वतः ठरवलेल्या पडेल दराने उचलली.

गावप्रमुख सेखोबे, ज्याला सगळे मोरेना म्हणत, म्हातारा होता, पण आवाज खणखणीत. त्याने भर सभेत विचारलं, "माकालो, नऊ वर्षं तू त्या खांबाला डिझेल पाजतोयस. तो सगळ्या देशाशी बोलतो. आमच्याशी त्याचं काय वाकडं आहे?"

"मोरेना, मधे कडा आहे."

"कडा मलाही दिसतो. मी विचारलं तुझं काय चाललंय."



वर्षातून दोनदा राजधानीतून इंजिनिअर यायचे. लेबोना त्यांचं नाव. शेवटचा टप्पा ते घोड्यावरून यायचे आणि उतरल्यावर अर्धा तास वाकून चालायचे. माकालोने त्यांना चहा दिला आणि विषय काढला.

"न्ताते माकालो, चाळीस घरांसाठी वेगळं यंत्र बसवायला वर कुणी मंजुरी देणार नाही," लेबोना म्हणाले. न्ताते म्हणजे बाबा, तिकडची आदराची हाक. "पण या खोलीतला आवाज तारेने खाली नेता येईल. दोन तारा आणि टोकाला एक भोंगा. सरळ खाली मोजलं तर दोन किलोमीटरसुद्धा नाही."

"मग न्या ना."

"खर्च कोण करणार? मी फार तर परवानगी मागू शकतो."

परवानगी पाच महिन्यांनी आली. कागदावर लिहिलं होतं, हरकत नाही, मात्र खात्याला एका पैशाचा खर्च येता कामा नये. लेबोनांनी कागद वाचून दाखवला आणि चष्मा पुसत बसले.

माकालोने सहा वर्षं घोड्यासाठी पगारातून मागे टाकलं होतं. त्या डोंगरांत चाळिशीचा माणूस पायी फिरतो म्हणजे लोक त्याला पुरता माणूस धरत नाहीत. घोडाही त्याने हेरून ठेवला होता. तांबूस, कपाळावर चांद, पुढचा उजवा पाय पांढरा. त्या रात्री जेवताना त्याने बायकोपुढे कागद ठेवला. मारेफिलोएला, म्हणजे लेक रेफिलोएच्या आईला, वाचता येत होतं. तिने दोनदा वाचला.

"म्हणजे घोडा नाही," ती म्हणाली.

"तू नको म्हणालीस तर नको."

"मी नको म्हणाले तर तुम्ही घोड्यावर बसून जन्मभर तोंड पाडून फिराल. घोडासुद्धा कंटाळेल." तिने पाल्याची भाजी त्याच्या ताटात वाढली. "आणा तार. पण रेफिलोएचे बाबा, एक सांगते. भोंगा वाजला नाही तर मी माहेरी जाईन, आणि गाढवं घेऊन जाईन."

रस्त्याच्या टोकाच्या दुकानदाराकडे टेलिफोनची जुनी लोखंडी तार भेंडोळी करून पडलेली होती. माकालोने ती सगळी घेतली. भोंगा आणि आवाज वाढवायचं यंत्र लेबोनांनी राजधानीतून त्याच्या पैशांनी आणून दिलं. खांबांसाठी घळीतली पॉप्लरची झाडं लागणार होती, आणि झाडं मोरेनाच्या परवानगीशिवाय तोडता येत नसत.

"तोड," सेखोबे म्हणाला. "नाहीतरी तुझ्याच्याने काही उभं राहणार नाही. निदान सरपण होईल."

माकालोने बासष्ट खांब तोडले, सोलले, बुडखे भाजून काळे केले. ओला बुडखा जमिनीत घातला तर तीन वर्षांत कुजतो. भाजलेला दहा वर्षं टिकतो. खड्डा गुडघाभर आणि वर एक वीत. खाली खडक लागला तर पहार मारायची. मुरूम लागला तर आणखी वीतभर खोल जायचं, कारण मुरूम खांब धरून ठेवत नाही. मधल्या दिवशी मनोऱ्याचं काम उरकून दिवसाला एक खड्डा व्हायचा. अकराव्या खड्ड्याला चार दिवस लागले.

मारेफिलोएने गावकामासाठी ज्वारीची बिअर केली, दोन मोठी मडकी. बिअर प्यायला सगळे आले. खड्डा खणायला तिघे आले, आणि त्यातला एक खड्ड्यातच झोपला.

एका बाबतीत मात्र गावाने हात आखडता घेतला नाही. तार खांबाला टेकू द्यायची नव्हती, आणि खांबावर तार अडकवायच्या चिनीमातीच्या बोंडांसाठी पैसे उरले नव्हते. माकालोने बाटल्यांची तोंडं कापून ती खुंट्यांवर बसवायचं ठरवलं. प्रत्येक खांबावर दोन, म्हणजे एकशे चोवीस रिकाम्या बाटल्या. त्याने बाटल्या मागितल्याचं कळताच गावातले पुरुष जबाबदारीने कामाला लागले. दहा दिवसांत दीडशे जमल्या.

"आणखी लागतील का?" ते आशेने विचारायला आले.

कातरणीला थोडे दिवस उरले असताना लेबोना आले. एका रविवारी दुपारी त्यांनी खोलीतल्या यंत्राला तारा जोडल्या. माकालो खाली येऊन सभेच्या झाडाजवळ उभा राहिला. भोंगा खांबावर बांधलेला होता. सगळं गाव जमलं होतं. सेखोबे खुर्चीवर होता, बायका कड्यावरच्या मनोऱ्याकडे बघत होत्या.

भोंगा गप्प होता.

अर्धा तास गेला. कुणीतरी म्हणालं, "तहान लागली असेल. बिअर पाजा."

सगळे हसले. मारेफिलोए हसली नाही. सेखोबे उठला, ब्लँकेट झटकलं आणि घरी गेला. माणसं एकेक करून पांगली.

माकालोने पक्कड घेतली आणि एक नंबरच्या खांबापासून चढायला लागला. प्रत्येक खांबाशी थांबायचं, दोन्ही तारा नजरेने पुढच्या खांबापर्यंत न्यायच्या. घाईने वर बघत गेलं की नेमका तुटलेला भाग सुटतो. सदतीस आणि अडतीसच्या मधे एकच तार होती. दुसरी कुणीतरी कापून नेली होती, दहा-बारा वाव, म्हणजे वीसेक मीटर. कापलेलं टोक मात्र नीट वळवून बाटलीला गुंडाळलं होतं. म्हणजे नेणारा माणूस टापटिपीचा.

वरच्या गोठ्याकडून सूर येत होता. तेलाच्या डब्याच्या सारंगीचा. माकालो तिकडे गेला. मोसिवा मेंढपाळ दगडावर बसून सारंगी घासत होता. पन्नाशीचा, दात तीन.

"मोसिवा, तार नवी दिसतेय."

"काय गोड वाजते बघ!" मोसिवाने डोळे मिटून वाजवून दाखवलं. "जुनी रडायची नुसती."

"ती माझ्या खांबावरची आहे."

"हो का? महिनाभर बघतोय, लटकतेय आपली. काम ना धाम. म्हटलं, बिचारीला काहीतरी काम द्यावं."

"आणि बाकीची कुठे आहे?"

मोसिवाने बाह्या वर सारल्या. दोन्ही मनगटांत कोपरापर्यंत नव्याकोऱ्या वळ्यांच्या कांकणांची रांग होती. "तीन पेडी वेणी घातलीय. बायकोला पण देणार होतो."

माकालोने एकेक कांकण मोजलं. मग त्याला हसू फुटलं. गेल्या वर्षभरात पहिल्यांदा, पोट धरून. मोसिवाही हसायला लागला, कशाला ते न कळता.

"उतरव," माकालो म्हणाला. "सारंगीची राहू दे. कांकणं दे."

"वाकडी झाली असतील."

"वाकडी चालतील. आवाजाला वाकडं-सरळ कळत नाही."

दोघांनी मिळून कांकणं उलगडली. तार अजून अडीच वाव कमी पडत होती, ती मोसिवाच्या झोपडीच्या दाराच्या कडीतून निघाली. माकालोने प्रत्येक टोक दगडावर घासून चकचकीत केलं. सांध्याला अकरा वेढे, एकमेकांना चिकटून. मोसिवा म्हणाला, चार पुरेत. माकालोने अकरा घातले. मग मोसिवाच्या खांद्यावर उभा राहून शेवटचं टोक बाटलीवरून ओढलं आणि जोडताना त्याच्या बोटांना झिणझिण्या आल्या.

"अरे, चावली!" तो ओरडला.

"कोण?"

"तार! तार चावली रे!"

तेवढ्यात खालून, घळीतून, बाईचा आवाज आला. सावकाश, स्वच्छ. शब्द कळत नव्हते, पण तो नेहमीचा आवाज होता, सूचना वाचणाऱ्या बाईचा, जो त्याने दहा वर्षं वरच्या खोलीतच ऐकला होता. आता तो त्याच्या स्वतःच्या घराच्या बाजूने येत होता.  मग बायकांनी जिभा घोळवून जो कल्लोळ केला तो कड्यावर आपटून दोनदा परत आला.

माकालो सदतीस खांब धावत उतरला. गावात पळापळ चालली होती. माणसं मेंढवाड्यांची फाटकं काढत होती, कुत्री भुंकत होती, सेखोबे एका पायात बूट घालून दुसरा शोधत होता.

"काय झालं? काय सांगितलं?"

"गुरुवार नाही, मंगळवार!" मारेफिलोएने त्याचे दोन्ही खांदे धरून हलवले. "हा-सेखोबे मंगळवारी सकाळी, सगळ्यांत पहिलं! आपल्या गावाचं नाव घेतलं तिने. नाव घेऊन सांगितलं!"

"बरोबर ऐकलंस ना?"

"बरोबर? चाळीस घरांनी ऐकलं! मोरेनांच्या बहिऱ्या सासूबाईंनी ऐकलं! त्या म्हणतात, ही बाई ओरडते का एवढी?"

सोमवारी उजाडायच्या आत गाव निघालं. हजार-बाराशे मेंढ्या, मागे घोडेस्वार, त्यांच्यामागे पायी माकालो आणि मारेफिलोए, त्यांच्या अकरा मेंढ्यांसह. गाढवांची एक खेप लेबोनांनी स्वतःच्या अंगावर घेतली होती, आणि नंतर तीन दिवस त्यांना धड उठता-बसता आलं नाही.

मंगळवारी शेडचं कुलूप उघडलं तेव्हा हा-सेखोबे फाटकाला टेकून उभं होतं. लोकर तोलली गेली, पारखली गेली, पोत्यांवर गावाचं नाव काळ्या शाईने उमटलं. वाटेवरचा तो व्यापारी दुपारी रिकाम्या पोत्यांचा गठ्ठा घेऊन आला. माकालोला बघून त्याने घोडा थांबवला.

"पायीच आलास? मी ऐकलं होतं तू घोडा घेणार. चांद असलेला. कुठे गेला तो पैसा?"

माकालोने शेडच्या भिंतीला लावलेल्या पोत्यांकडे हात केला. एकावर एक, छपराला टेकलेली.

"हा काय," तो म्हणाला. "उभा आहे." आणि मारेफिलोएने वर आणखी एक पोतं चढवायला हाक मारली म्हणून तिकडे गेला.